मामाचं पान कोणी काढायचं?

पुण्यात नोकरी करणाऱ्या ३६ वर्षांच्या एका वाचक मैत्रिणीचं पत्र आलं आहे. ती गेली सहा वर्षं टोपणनावानं मराठी विकिपीडियावर संपादन करते. शुद्धलेखन, संदर्भ जोडणं, नवी पानं तपासणं, जाहिरातबाजी दिसली की साचा, म्हणजे पानाच्या माथ्यावर सूचनेची पट्टी लावणं, अशी कामं. तिचे मामा निवृत्त प्राथमिक शिक्षक आणि आठ कवितासंग्रहांचे कवी. त्यांतले सहा संग्रह पदरमोड करून काढलेले. यंदा मामांच्या पंचाहत्तरीला मामेभावानं एका एजन्सीला २२ हजार रुपये देऊन विकिपीडियावर त्यांचं पान करून घेतलं आणि त्याचा प्रिंट लॅमिनेट करून बैठकीच्या भिंतीवर लावला. एका रात्री 'अलीकडील बदल', म्हणजे तिथल्या ताज्या संपादनांची यादी चाळताना तेच पान आमच्या मैत्रिणीसमोर आलं. तिनं त्यावर पान काढून टाकावं असा साचा लावला आणि सारांशाच्या, म्हणजे बदलाचं कारण लिहायच्या चौकटीत लिहिलं, 'जाहिरातबाजी. उल्लेखनीयता शून्य.' एजन्सीच्या खात्यानं साचा काढला, हिनं परत लावला, असं चार वेळा झालं. पुढं मामेभावाला तिचं टोपणनाव ओळखू आलं. भाऊबीजेला तिची आई माहेरी गेली तेव्हा भिंत रिकामी होती. ओवाळून झाल्यावर मामा एवढंच म्हणाले, 'तुझ्या लेकीला विचार, मी उल्लेखनीय आहे का.' तेव्हापासून आई तुटक बोलते. मामेभाऊ म्हणतो, 'चार एपिसोड केलेल्या नटांची पानं चालतात, नगरसेवकांची चालतात, घरच्या माणसाचं तेवढं डोळ्यात खुपतं.' एजन्सी आता आणखी १० हजार मागते आहे: 'आमची आत ओळख आहे, पान कायमचं ठेवू.' मैत्रिणीचे प्रश्न तीन: साचा काढून गप्प बसू? ते पान स्वतःच नीट लिहून काढू? की हे संपादनच सोडून देऊ? पत्राच्या तळाशी ताजा कलम आहे: 'मामांनी नव्वदच्या दशकात गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या ओव्या लिहून घेतल्या होत्या. त्या वह्या माळ्यावर पडून आहेत. पानावर त्यांचा साधा उल्लेखही नव्हता.'

भाचीबाई,

तुमचं पत्र वाचताना पहिल्या पानावर मी हसत होते. लॅमिनेट केलेलं विकिपीडियाचं पान मी अजून पाहिलेलं नाही. मग भाऊबीजेचं वाक्य आलं आणि कागद खाली ठेवला. ओवाळणीचं ताट हातात असताना तुमच्या आईला ते ऐकावं लागलं. त्यांनी तुमच्याशी तुटक वागणं मला तरी समजतं.

आता तुमचे तीन पर्याय. साचा काढू, पान लिहू की सोडून जाऊ. तिन्हींत तुम्ही एक गोष्ट धरूनच चालला आहात: त्या पानाचं काय करायचं हे तुम्ही ठरवायचं. मला तिथंच अडायला होतं. मामाचा खटला भाचीपुढं चालत नाही. सोडून द्यायला चालत नाही, तसा शिक्षा द्यायलाही चालत नाही. पत्रात तुम्ही लिहिलंय, 'घरचा माणूस म्हणून मी सूट दिली नाही.' त्यात थोडा अभिमान आहे, आणि तो मला खटकला. घरच्या माणसाला सूट न देणं वेगळं आणि घरच्या माणसाच्या बाबतीत हात मागं घेणं वेगळं. दुसरं तुम्ही केलं नाहीत.

साचा लावला तेव्हा पान कुणाचं आहे हे तुम्हाला माहीत होतं की नाही, ते पत्रात स्पष्ट नाही. पण पहिल्याच ओळीत नाव असणार, गाव असणार. म्हणजे माहीत होतं. मग एक प्रश्न स्वतःला विचारा. चंद्रपूरच्या किंवा सावंतवाडीच्या कुणा अनोळखी कवीचं असंच पान समोर आलं असतं, तर तुम्ही 'शून्य' हा शब्द लिहिला असता का? माझा अंदाज आहे, 'स्वतंत्र संदर्भ आढळले नाहीत' असं लिहून पुढं गेला असतात. 'शून्य' हा घरातला शब्द आहे. लहानपणापासून मामाच्या कविता लग्नाच्या पंगतीत ऐकाव्या लागलेल्या भाचीचा तो शब्द आहे. चुकत असेन तर माफ करा.

हात मागं घेणं कुणालाच सोपं जात नाही, हे तुमच्या समाधानासाठी सांगते. विकिपीडिया सुरू झाला १५ जानेवारी २००१ला. जिमी वेल्स आणि लॅरी सँगर ही त्यामागची दोन नावं. २००५मध्ये उघड झालं की वेल्स यांनी स्वतःबद्दलच्या पानावर स्वतःच हात फिरवला होता आणि सँगर सहसंस्थापक असल्याचा उल्लेख काढला होता. प्रत्येक बदल पानाच्या इतिहासात नोंदला जातो, तो त्यांचाही नोंदला गेला होता. असं करायला नको होतं, हे त्यांनी पुढं मान्य केलं. ज्यानं घर बांधलं त्यालाच उंबरठा सांभाळता आला नाही, तिथं तुमचा मामेभाऊ आणि तुम्ही दोघंही माणसंच.

आता मामांच्या प्रश्नाकडं येते, कारण माझ्या मते या सगळ्या प्रकरणात खरा प्रश्न त्यांनीच विचारला आहे. मी उल्लेखनीय आहे का?

'उल्लेखनीय' हा शब्द मराठी विकिपीडियानं घेतला आणि तिथं त्याला एक कोरडा, कारकुनी अर्थ चिकटला: या विषयावर, त्याच्याशी देणंघेणं नसलेल्या लोकांनी, विश्वासार्ह ठिकाणी, पुरेसं लिहिलेलं आहे का. बस, एवढंच. पण रोजच्या मराठीत उल्लेखनीय म्हणजे दखल घेण्याजोगा, मोलाचा. शाळेच्या प्रगतिपुस्तकात 'उल्लेखनीय प्रगती' असा शेरा असायचा. मामांनी शिक्षक म्हणून तो शेरा स्वतःच्या हातानं शेकडो मुलांना दिला असेल. त्या माणसाला पंचाहत्तरीला 'उल्लेखनीयता शून्य' असा शेरा मिळाला. त्यांनी तो प्रगतिपुस्तकासारखा वाचला, यात त्यांचं काय चुकलं?

बहिणाबाई चौधरी १९५१च्या डिसेंबरात गेल्या. तोवर त्यांचा एकही संग्रह निघालेला नव्हता. त्यांची गाणी मुलगा सोपानदेवांनी आणि पितांबर चौधरींनी उतरवून ठेवली होती, ती १९५२ साली आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तकरूपानं आली. समजा त्या काळी विकिपीडिया असता आणि १९५०मध्ये जळगावच्या कुणा मुलानं बहिणाबाईंचं पान केलं असतं, तर तुमच्यासारख्या नियम पाळणाऱ्या संपादकानं ते काढलं असतं, आणि नियमानं बरोबरच केलं असतं. तीन वर्षांनी तेच पान राहिलं असतं. दरम्यान बाईंच्या कवितेत काडीचाही फरक पडलेला नसता. फरक एवढाच, की बाहेरच्या माणसानं वाचून त्याबद्दल लिहिलं. तुमच्या मामांची तुलना बहिणाबाईंशी करत नाही. मी त्यांची एकही कविता वाचलेली नाही. नियम काय मोजतो आणि काय मोजत नाही, तेवढं दाखवते आहे. मामांना समजावताना हे उदाहरण वापरलंत तर चालेल, फक्त ते तुलनेचं वाक्य गाळा.

या नियमाची एक दुखरी बाजूही आहे आणि ती तुमच्या भावाच्या तक्रारीत थोडी आहे. ज्याच्याबद्दल आधीच छापून आलंय त्यालाच पान मिळतं. मराठीत कुणाबद्दल छापून येतं, हे काय आपल्याला माहीत नाही? शहरातल्याबद्दल जास्त, पुरुषांबद्दल जास्त, ज्याच्या ओळखी आहेत त्याच्याबद्दल जास्त. तालुक्याच्या गावी चाळीस वर्षं शिकवणाऱ्या माणसाबद्दल कोण लिहितो? भाऊ म्हणतो त्यात तथ्य आहे. फक्त त्याचा निष्कर्ष चुकतो. चार एपिसोडच्या नटाचं पान आहे म्हणून मामांचं हवं, हे म्हणणं शेजाऱ्यानं गच्चीवर बेकायदा खोली चढवली म्हणून मलाही चढवू द्या, असं झालं. त्या नटाचं पान कमजोर असेल तर त्यावरही चर्चा व्हावी. मराठी विकिपीडिया १ मे २००३ला सुरू झाला, नेमका महाराष्ट्र दिनी, आणि आजही तिथं नियमानं काम करणारी माणसं मोजकीच आहेत. सगळीकडं एकाच वेळी झाडू पोचत नाही, हे तुम्हीच मला अधिक चांगलं सांगाल.

तुम्ही त्या पानाचं पहिलं वाक्य पत्रासोबत पाठवलंत ते बरं केलंत. 'आपल्या ओजस्वी लेखणीने मराठी सारस्वताच्या दरबारात अढळ स्थान निर्माण करणारे, अजातशत्रू, हाडाचे शिक्षक, समाजभूषण, काव्यरत्न, सिद्धहस्त कवी…' मी पेन्सिल घेऊन बसले. ज्याला संदर्भ देता येणार नाही ते खोडत गेले. 'अजातशत्रू'ला संदर्भ कुठून आणणार? शत्रू नसल्याचा दाखला तहसील कार्यालयातही मिळत नाही. 'अढळ' गेलं, 'ओजस्वी' गेलं, 'सिद्धहस्त' गेलं. उरलं ते असं: 'मराठी कवी आणि निवृत्त शिक्षक. आठ कवितासंग्रह प्रकाशित.' गंमत म्हणजे ही उरलेली ओळ मला जास्त आवडली. आठ संग्रह हा साधा आकडा नाही.

ही भाषा एजन्सीनं शोधलेली नाही. ती आपल्याच फ्लेक्सवरून, सत्काराच्या निमंत्रणपत्रिकेतून, मानपत्रातून आणि गौरव अंकातून उचललेली आहे. तिथं ती शोभते. मानपत्रात 'अजातशत्रू' लिहिलं तर वाचणारा समजून घेतो की आज सत्कार आहे. ज्ञानकोशात वाचणारा तसं समजून घेत नाही. तो शाळकरी मुलगा असतो, प्रकल्पासाठी माहिती उतरवून घेत असतो. एकच मजकूर चौकात शुभेच्छा असतो आणि कोशात जाहिरात होतो.

मी बरीच वर्षं एका दैनिकात उपसंपादक होते. आठवड्याला नव्या पुस्तकांचा परिचय छापायचो. एकदा एक कवी स्वतःच्या संग्रहाचा परिचय स्वतःच लिहून घेऊन आले. तृतीय पुरुषात, खाली मित्राचं नाव घालून. मी चार ओळी ठेवल्या आणि विशेषणं काढली. छापून आल्यावर ते पेढे घेऊन ऑफिसात आले, सगळ्यांना वाटले, चहा घेतला. निघताना दारात वळून म्हणाले, 'सगळं छान झालं. तेवढं "सुप्रसिद्ध" ठेवलं असतंत तर…' त्यांची पाठ वळल्यावर आम्ही पोट धरून हसलो होतो. आज त्या हसण्याची थोडी लाज वाटते. पण 'सुप्रसिद्ध' मी आजही काढेनच.

आता एजन्सी. इथं मात्र मी तुमच्या भावाशी थेट बोलणार आहे, तेव्हा हा भाग त्याला वाचून दाखवा.

दादा, ते १० हजार देऊ नका. 'आत ओळख' असं काही नसतं. प्रचालक म्हणजे ज्यांना पान काढायचे, खातं अडवायचे अधिकार आहेत असे स्वयंसेवक. त्यांना पगार नाही आणि त्यांचं प्रत्येक काम नोंदीत दिसतं. 'कायमचं पान' हा प्रकार तर कुणीच विकू शकत नाही, कारण तिथला कुठलाही मजकूर कुणीही बदलू शकतो, या तत्त्वावरच ते सगळं उभं आहे. तुम्ही घेतलेली वस्तू विकणाऱ्याच्या मालकीची नव्हती.

हा धंदा जुना आहे. २०१५मध्ये इंग्रजी विकिपीडियाच्या स्वयंसेवकांनी एका झटक्यात ३८१ खाती बंद केली आणि २१० लेख काढून टाकले. 'ऑरेंजमूडी' या नावानं ते प्रकरण ओळखलं जातं. त्या साखळीतल्या, आधी सापडलेल्या एका खात्याचं ते नाव. त्यांची पद्धत वाचली की तुम्हाला ओळखीचं वाटेल. जाहिरातबाजी म्हणून नाकारलेले किंवा काढलेले लेख हुडकायचे, ज्याच्याबद्दल लेख होता त्या छोट्या व्यावसायिकाला किंवा कलावंताला गाठायचं, पैसे घेऊन लेख चढवायचा आणि नंतर दरमहा 'राखणी'चे पैसे मागायचे. म्हणजे कुंपण घालणारा आणि शेळी सोडणारा एकच. तुमच्या एजन्सीनं १० हजार कधी मागितले? साचा लागल्यावर. यात बहिणीचा हात नसता तरी आज ना उद्या कुणीतरी साचा लावलाच असता, आणि हा फोन आलाच असता.

पैसे घेऊन लिहिणं विकिपीडियावर सरसकट बंद नाही, हे पुष्कळांना ठाऊक नसतं. जून २०१४पासून विकिपीडिया चालवणाऱ्या विकिमीडिया फाउंडेशनच्या वापराच्या अटींत कलम आहे: मोबदला घेऊन लिहीत असाल तर कुणासाठी, कुणाकडून पैसे घेऊन, हे उघड सांगा. तेव्हा एजन्सीला एकच प्रश्न लेखी विचारा. कोणत्या खात्यावरून पान केलंत आणि त्या खात्यावर मोबदल्याची नोंद कुठं आहे? नोंद केलेली नसेल तर त्यांनी तुमचे २२ हजार घेऊन अटी मोडल्या आणि नाव मात्र मामांचं खराब झालं. पैसे परत मागा. मिळतीलच असं नाही. पण पुढचे वाचतील.

भाचीबाई, आता तुम्ही काय करावं.

साचा काढू नका आणि पुन्हा लावूही नका. चार वेळा झालं तेवढं पुष्कळ झालं. इंग्रजी विकिपीडियावर चोवीस तासांत तीनहून जास्त वेळा उलटवाउलटवी केली तर, बाजू खरी असो वा खोटी, खातं अडवलं जाऊ शकतं; त्यामागचं शहाणपण कुठल्याही भाषेत लागू आहे. पानाच्या चर्चापानावर, म्हणजे त्या लेखाबद्दल संपादक जिथं आपसात बोलतात तिथं जा आणि चार ओळी लिहा. साधारण अशा: 'या लेखविषयाशी माझे जवळचे नाते आहे. साचा लावताना मी हे सांगायला हवे होते. सारांशातील माझी भाषाही योग्य नव्हती. यापुढे मी या पानावर संपादन करणार नाही आणि चर्चेत मत देणार नाही. निर्णय इतर संपादकांनी घ्यावा. हे पान मोबदला घेऊन तयार झाल्याची मला माहिती आहे.' नातं कोणतं, नाव काय, हे सांगायची गरज नाही. तुमचं टोपणनाव टोपणनावच राहू द्या. सारांशातला 'शून्य' तुम्हाला पुसता येणार नाही, तो इतिहासात राहील. त्याच्या शेजारी तुमची दिलगिरीही राहील.

शेवटच्या वाक्यावर तुम्ही अडखळाल. भावानं पैसे दिल्याचं चव्हाट्यावर कसं आणायचं? भावाचं नाव घेऊ नका, रक्कम सांगू नका. पण लपवूही नका. तुम्ही सहा वर्षं ज्या कामावर विश्वास ठेवलात त्याचा तो भाग आहे. आणि लिहिण्याआधी भावाला फोन करून सांगा की मी असं लिहिणार आहे. पाठीमागून नको. एकदा पाठीमागून झालंय.

दुसरा पर्याय, म्हणजे पान स्वतःच नीट लिहून काढणं, हा मला सगळ्यांत मोहाचा वाटतो आणि म्हणूनच तो सोडा. तुम्ही छान लिहाल. तटस्थ, नेटकं, संदर्भांसकट. पण नंतर कुणी विचारलं की हे कुणी लिहिलं, तर उत्तर 'भाचीनं' असंच राहील. त्यापेक्षा संदर्भ शोधायचं काम भावाला द्या. त्याच्याकडं वेळ आहे, जिद्द आहे, एजन्सी गाठण्याइतका उत्साह आहे.

काय शोधायचं ते त्याला समजावून सांगा, कारण बहुतेक घरांत इथंच घोळ होतो. मामांनी ज्यांना प्रस्तावना लिहायची विनंती केली त्यांची प्रस्तावना धरली जात नाही. विनंतीवरून लिहिलेलं ते. गौरव अंक नाही, सत्काराची बातमी नाही, वाढदिवसाची पुरवणी तर नाहीच. २००९च्या विधानसभा निवडणुकीत महाराष्ट्रात 'पेड न्यूज'चा केवढा गदारोळ झाला ते आठवत असेल. छापलेलं सगळं स्वतंत्र नसतं हे आपण तेव्हा चांगलंच पाहिलं. 'काव्यरत्न' कुणी दिला, निवड समितीत कोण होतं, प्रवेशशुल्क घेतलं होतं का, हेही विचारा. घेतलं असेल तर तो पुरस्कार भिंतीवर राहू दे, संदर्भात नको.

चालतं काय? मामांना न ओळखणाऱ्या समीक्षकानं एखाद्या मासिकात किंवा दिवाळी अंकात सविस्तर लिहिलेलं परीक्षण. कुणी अभ्यासकानं त्या भागातल्या कवितेवर लिहिताना त्यांची घेतलेली दखल. आणि हे इंटरनेटवर असलंच पाहिजे, असा नियम नाही. हा गैरसमज तुमच्यासारख्या जुन्या संपादकांतही असतो. लिंक नाही म्हणजे संदर्भ नाही, असं धरून चालतात. अंकाचं नाव, महिना, वर्ष, पृष्ठ क्रमांक, लेखकाचं नाव एवढं नीट दिलं की छापील संदर्भ चालतो. दोन संग्रह प्रकाशकांनी काढलेत ना? त्या काळचे अंक धुंडाळायला भावाला ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात पाठवा, ते १८९३पासूनचं आहे. मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय १८९८चं. त्याआधी तालुक्याच्या वाचनालयातली कपाटं. दोन-तीन चांगली परीक्षणं मिळाली तर त्यानं ती चर्चापानावर मांडावीत, 'मी मुलगा आहे' असं सांगून, आणि थांबावं. नाही मिळाली तर पान जाईल. प्रचालकांना काढलेला मजकूरही दिसतो. पुढं कधी संदर्भ मिळाले तर तो परत आणता येतो. म्हणजे आज गेलेलं पान कायमचं गेलं असंही नाही.

हे तुमच्यासारख्या सगळ्याच घरांना लागू आहे, म्हणून जरा लांबलं. संस्थाचालकांची मुलं, छोट्या कारखान्यांचे मालक, नाट्यमंडळांचे सचिव मला असंच विचारतात: आमच्या पानावर चुकीचं लिहिलंय, आम्ही दुरुस्त करू का? दुरुस्त करून घ्या. स्वतः करू नका. चर्चापानावर आपण कोण ते सांगा, चूक दाखवा, पुरावा द्या आणि थोडी वाट पाहा. उत्तर यायला वेळ लागतो, कारण पलीकडं माणूस दिवसाची नोकरी करून रात्री अकराला बसलेला असतो.

आणि साचे लावणाऱ्यांना, म्हणजे तुमच्या बाजूच्यांना, एक विनंती. मराठीत नवा माणूस विकिपीडियावर येतो तो पुष्कळदा स्वतःच्या गावाचं, शाळेचं, गुरुजींचं पान करायलाच येतो. त्याला नियम माहीत नसतात, पण कळफलक येत असतो. साच्याखाली दोन ओळी माणसासारख्या लिहिल्या तर त्यातलाच एखादा उद्या तुमच्याबरोबर झाडू हातात घेईल. एजन्सी आणि हौशी पुतण्या यांना एकाच काठीनं हाकू नका.

संपादन सोडायचं का, हा तुमचा तिसरा प्रश्न. सोडू नका, पण दोन महिने जाहिरातबाजीच्या पहाऱ्यावरून उतरा. किल्ल्यांची पानं घ्या, नद्यांची घ्या. सतत खोटं हुडकत बसलेल्या माणसाला खरंही खोटं दिसायला लागतं. उपसंपादकांचा हा जुना रोग आहे.

राहिले मामा. त्यांच्याकडं जा. फोन नको. नियम समजावायला जाऊ नका, निदान पहिला तासभर तरी. 'तो शब्द मी लिहिला, आणि तो लिहायला नको होता,' एवढं आधी म्हणा. ते कदाचित रागावतील, कदाचित विषय बदलून चहा टाकायला सांगतील. पान परत आणायचं वचन देऊ नका. ते तुमच्या हातात नाही आणि मुळात नसावंही. आईला सोबत घेतलंत तर बरं, त्या मध्ये आहेत म्हणून तुम्ही आणि मामा दोघंही जास्तीचं बोलणार नाही.

मग वह्यांबद्दल विचारा.

तुमचा ताजा कलम मी तीन वेळा वाचला. एजन्सीनं मामांना सारस्वताच्या दरबारात बसवलं आणि जात्यापाशी बसून ओव्या उतरवून घेणारा माणूस तिला दिसलाच नाही. तुम्हालाही साचा लावताना आठवला नाही. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी ऐंशीच्या दशकापासून सहकाऱ्यांसह खेडोपाडी फिरून अशा लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. आज त्यांतल्या पुष्कळ 'परी' म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडियाच्या संकेतस्थळावर गाणाऱ्या बाईच्या नावागावासह वाचता-ऐकता येतात. मामांच्या वह्यांत काय निघेल ते मी सांगू शकत नाही. कसर लागलेली असेल, निम्म्या ओव्या सगळीकडं सापडणाऱ्या असतील. पण एकेका तालुक्यातल्या बायकांचे शब्द, पाठभेद, नवऱ्याचं नाव न घेता त्याला दिलेल्या शिव्या, हे नव्वदच्या दशकानंतर कुणाला मिळणार होतं? पिठाची गिरणी घरोघरच्या जात्याला केव्हाच बाद करून बसली होती.

वह्या विकिपीडियावर चढवू नका. कुठंही न छापलेलं स्वतःचं संशोधन तिथं चालत नाही, आणि पुन्हा तोच तमाशा होईल. एखाद्या विद्यापीठाच्या मराठी विभागात लोकसाहित्य शिकवणाऱ्या, मामांना न ओळखणाऱ्या माणसाला दाखवा. सोपानदेवांनीही गाणी शेवटी घराबाहेरच्याच माणसाच्या हातात दिली होती. त्याआधी मामांना सोबत बसवून एकेक पान मोबाइलवर स्वच्छ उजेडात टिपा. प्रत्येक ओवीपाशी विचारा: कुणी सांगितली, कोणत्या वाडीवर, तेव्हा तिचं वय काय असेल, ती कुणाची कोण. वहीत 'सखूची आई' एवढंच लिहिलेलं असेल तर सखूच्या आईचं नाव काय होतं ते आजच विचारून घ्या. पंचाहत्तरीतल्या माणसाची आठवण आहे तोवरच ते मिळेल. ज्या बाया अजून आहेत त्यांची परवानगी घ्या.

यानं मामांचं समाधान होईलच, असं मी म्हणत नाही. त्यांना भिंतीवरचं पान हवं होतं आणि तुम्ही माळ्यावरच्या वह्या पुढं करताय; 'माझ्या कविता सोड आणि बायकांच्या ओव्या बघ म्हणतेस' असंही ते म्हणतील. म्हणाले तर त्यांचा एखादा संग्रह तिथंच उघडा आणि त्यांना एक कविता वाचायला सांगा. पूर्ण ऐका. पंगतीत ऐकायचात तशी नको.

माळ्यावर चढायला शिडी लागेल. ती धरायला मामेभावाला बोलवा.